टाच उचलेपर्यंत

उजव्या टाचेच्या वरची जाड शीर तुटली तेव्हा मी पहिली गोष्ट काय केली असेल, तर मागे वळून ओरडले, "कोण गं ती? कुणी मारलं?"

मागे कुणीच नव्हतं. खो-खोच्या सगळ्या मुली समोर उभ्या होत्या. खांबाजवळ पळता पळता अंग कसं वळवायचं, ते मी त्यांना दाखवत होते. पोटरीच्या खाली कुणीतरी काठीचा टोला हाणल्यासारखं वाटलं आणि फट् असा आवाज झाला. तो मुलींनाही ऐकू गेला. आमची कॅप्टन सानिका म्हणाली, "मॅडम, बुटाचा सोल गेला काय?" मी वाकून बूट बघितला. बूट धड होता.

मी वैशाली. राहते गडमुडशिंगीत आणि कोल्हापुरातल्या एका शाळेत खेळाची शिक्षिका आहे. चाळिशीला टेकले आहे. शाळेत असल्यापासून खो-खो खेळले, मग शिकवायला लागले. मैदान सोडून दुसरं काही मला येत नाही आणि यावं असं वाटलंही नाही. हे लिहायला बसले, कारण माझ्या पायाला झालंय काय हे कळायलाच पंधरवडा गेला, आणि पुढे जी भीती मानगुटीवर बसली तिच्याबद्दल मला आधी कुणी बोललं नव्हतं. डॉक्टरकीतलं मला कळत नाही. भीतीतलं आता बऱ्यापैकी कळतं.

लचक

दुखलं, पण जीव जावा इतकं नाही. हे मुद्दाम सांगते. शीर तुटली म्हणजे माणूस लोळत असेल असं मलाही वाटायचं. मी उभी होते, चालत होते, स्कूटी चालवत घरीसुद्धा आले. आजवर कितीतरी मुलींच्या घोट्यांना मी बर्फ लावलाय, पट्ट्या बांधल्यात. स्वतःचा पाय तसाच चाचपला, दाबला आणि निदान करून टाकलं : लचक.

घरी आत्ती होत्या. आत्ती म्हणजे माझ्या सासूबाई. त्यांचं बोलणं असं की पाहुणे दोन घोट चहा जास्तच पितात, मध्ये बोलायला नको म्हणून. मला बघताच म्हणाल्या, "लंगडायलीस कशापायी?"

"लचक भरलीय, आत्ती."

"दवाखान्यात दाखव की."

"रोज बघते मी असल्या लचकी."

"दुसऱ्याच्या बगतीस. तुजी कोण बगणार?"

मी हसण्यावारी नेलं. बर्फ, पट्टी, पायाखाली उशी. सूज उतरली आणि मी शाळेत जायला लागले. इथेच मी फसले. सपाट जमिनीवर अख्खा पाय टेकवत चाललं की काही कळत नाही. फक्त उजव्या पायाला जोर नव्हता. दुखतंय म्हणून जोर नसेल, असं मी मनाशी म्हणत होते.

पौर्णिमेला आम्ही नृसिंहवाडीला गेलो. आत्तींची पौर्णिमा सहसा चुकत नाही. मी, आत्ती, माझा नवरा सुरेश आणि मुलगी ओवी. घाट उतरून नदीपर्यंत गेले तोवर सगळं ठीक होतं. वर येताना उजवा पाय पायरीवर ठेवला, जोर दिला आणि टाच जागची हललीच नाही. पुन्हा दिला. पाय माझाच होता, दिसत होता, पण मी सांगितलेलं त्याला ऐकू जात नव्हतं. नव्वारी खोचलेल्या म्हाताऱ्या माझ्या शेजारून सटासट वर चालल्या होत्या. आत्तींचे दोन्ही गुडघे गेलेत, तरी त्या माझ्या चार पायऱ्या पुढे. तिथून वळून बघत राहिल्या.

"वैशाली, तू माज्या मागं?" त्या म्हणाल्या. "ही लचक न्हवं बाई."

डावा पाय वर, मग उजवा ओढून त्याच्या शेजारी, अशी मी लहान पोरासारखी एकेक पायरी चढले. ती भीती मानगुटीवर बसली ती त्या घाटावर. नंतर बरेच महिने ती उतरली नाही.

पोटरी दाबल्यावर

डॉक्टरांनी मला टेबलावर पालथं झोपवलं. पावलं टेबलाच्या कडेबाहेर लोंबकळत ठेवली. आधी डावी पोटरी दाबली. डावं पाऊल खाली झुकलं, मान डोलावल्यासारखं. मला ते जाणवलं. मग उजवी दाबली. काहीच जाणवलं नाही. त्यांनी पुन्हा दाबली.

मला माझा पाय दिसत नव्हता. सुरेशचा चेहरा तेवढा दिसत होता. तो दूध संघात आहे, शांत माणूस, घरात भांडं पडलं तरी न दचकणारा. त्याने एकदम नजर खिडकीकडे वळवली. निदान मला तेव्हाच कळलं, डॉक्टर बोलायच्या आधी.

"शीर पूर्ण तुटलीय," डॉक्टर म्हणाले. "किती दिवस चालताय यावर?"

मी सांगितलं. ते म्हणाले, "पंधरा दिवस? काय करता तुम्ही?"

"खेळाची शिक्षिका आहे."

ते मान खाली घालून लिहीत राहिले. चार शिव्या घातल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

"ऑपरेशननंतर पळता येईल ना?" मी विचारलं.

"चालता नक्की येईल," ते म्हणाले.

मी पळण्याचं विचारलं आणि उत्तर चालण्याचं मिळालं. आम्ही गाडीतून घरी निघालो. गांधीनगरच्या फाट्यावर सुरेशने विचारलं, "चहा घ्यायचा?" आणि मला रडू फुटलं. चहाचा आणि रडण्याचा काही संबंध नव्हता. तो बिचारा गाडी बाजूला घेऊन बसून राहिला.

वॉर्डात

कमरेखाली बधिर केलं होतं. वेदना नाही, पण ओढाओढ कळत होती, गोणी शिवताना कळावी तशी. भूल देणाऱ्या बाई माझ्या डोक्याशी बसून खो-खोचे नियम विचारत होत्या. मी पडदा लावलेल्या टेबलावर झोपून सांगत होते की आठ जणी ओळीत बसतात, एकीचं तोंड इकडं, दुसरीचं तिकडं. मध्येच मला वाटायचं, आता डॉक्टर म्हणतील की उशीर झाला, जुळत नाही.

जुळली. पाऊल खाली वळवून, बोटं जमिनीकडे करून प्लास्टर घातलं. जोडलेल्या शिरेवर ताण नको म्हणून.

वॉर्डातला दिवस फिनेलच्या वासाने उगवायचा. फरशी पुसली की मी खाटेची कड धरायची. ओली फरशी, एक पाय आणि संडास वॉर्डाच्या टोकाला. आयुष्यभर पळण्यात घालवलेली बाई मी, आणि तेवढ्या अंतराचा विचार करत पाणी प्यायचं सोडलं. शेवटी मुतखडा व्हायचा, असं नर्सने दरडावलं. शेजारच्या खाटेवर खुब्याचं हाड मोडलेली एक आजी होती. तिच्याकडे येणाऱ्या-जाणाऱ्यांनी आणलेली केळी ती मलाच खायला लावायची. वॉर्डातल्या मावशी तोंड वाकडं न करता भांडं द्यायच्या आणि घ्यायच्या. देव कुठे असतो मला माहीत नाही, पण त्या आठवड्यात तो त्या भांड्याच्या आसपास होता.

भीतीला मात्र कुठलंही निमित्त चालायचं. झोपेत पाय झटकला, तुटली असेल. खोकला आला, तुटली असेल. प्लास्टरच्या आत खाज सुटली तरी मला वाटायचं की टाके सुटतायत. डॉक्टर फेरीवर आले की मी विचारायची आणि ते म्हणायचे, "प्लास्टरमध्ये आहे हो, कशी तुटेल?" ते पाठ फिरवेपर्यंतच मला ते पटायचं.

बेचकी

प्लास्टर निघालं, मग गुडघ्यापर्यंतचा जाड बूट आला. त्यात टाचेखाली चकत्या रचलेल्या. दर थोड्या दिवसांनी एक चकती काढायची, म्हणजे पाऊल हळूहळू सपाट होतं. व्यायाम करून घ्यायला तबस्सुम होती. कबनूरची पोरगी, घरी यंत्रमाग. माझ्याहून बरीच लहान, पण हुकूम सोडण्यात माझ्या वरताण. दोन मास्तरणी एका खोलीत मावत नाहीत. आम्ही पहिल्याच दिवशी वाद घातला.

झालं असं की मी बढाई मारत होते. ओळीत उकिडवं बसलेल्या मुलीला खो मिळतो तेव्हा तिने नुसतं उठायचं नसतं. आधी बूड जरा खाली दाबायचं, मग उसळायचं. मी पोरींना हे वर्षानुवर्षं शिकवतेय.

"का दाबायचं?" तबस्सुमने विचारलं.

"जोर येतो."

"कुठनं येतो?"

 तिने माझी डावी पोटरी धरली. "तुम्ही खाली दाबता ना, तेव्हा हा स्नायू घट्ट धरून राहतो आणि ही शीर ताणली जाते. तुमचं वजन त्या ताणात साठतं. मग उठताना शीर आखडते आणि साठलेलं सगळं परत देते. लहानपणी बेचकी खेळलाय न्हवं? हात रबर ओढतो, पण दगड फेकतंय कोण?"

"रबर."

"नुसत्या हातानं तेवढा लांब जाईल?"

नाही जाणार. मग मी तिला विचारलं की काही पोरी आधीच दाबून बसतात, त्या उठायला जड का होतात. ती म्हणाली, ताणून धरून बसलं की साठलेला जोर तिथेच जिरतो, दाबलं की लगेच सोडायला हवं. मला गंमत वाटली. इतकी वर्षं जे पायाला माहीत होतं ते पहिल्यांदा डोक्यात शिरत होतं. पायात ते होतं तेव्हा मी कधी विचारलं नाही, आणि विचारलं तेव्हा ते पायात नव्हतं.

"आणि रबर ढिलं असलं तर?" मी विचारलं.

तबस्सुमचा हात थांबला. मग ती सरळच बोलली, त्याबद्दल मी तिची ऋणी आहे. "तर ढिलाई निघण्यातच ओढ संपती. दगड पुढ्यात पडतो. मॅडम, शीर जोडली गेलीय. आता ती लांब होऊन जुळायला नको. तशी जुळली तरी चालाल, जिने चढाल. पळताना, उडी मारताना मात्र पाय मागं राहील. म्हणून उकिडवं बसायचं न्हाई, पाय ताणायचा न्हाई आणि झटक्यात उठायचं तर अजिबात न्हाई."

त्या दिवसापासून माझ्या डोक्यात एकच गोष्ट राहिली : माझं रबर ढिलं झालंय की नाही.

घरात हेच दुसऱ्या टोकानं चाललं होतं. हेडमास्तर येऊन भेटून गेले. चांगला माणूस. म्हणाले, "उन्हाळ्याच्या सुट्टीनंतर मैदान झेपणार नसेल तर ग्रंथालय बघा. घाई नाही, पण शाळा उघडायच्या आत सांगा." सुरेशला ते पटलं. "सावलीत बसायचं, पुस्तकं द्यायची. वाईट काय हाय?"

"मग मलाही एका कपाटात ठेवा की," मी म्हटलं. त्या रात्रीचं जेवण आम्ही टीव्हीकडे बघत केलं.

खो

जाड बूट निघाला आणि टाचेखाली गादी घातलेल्या साध्या बुटात मी आले, तेव्हा जानेवारी होता. मुलींचे सामने जवळ आले होते. सानिकाचा फोन यायचा, "मॅडम, नुसतं येऊन बसा. बोलूसुद्धा नका." मी गेले. सुरेशने गेटपाशी सोडताना बजावलं, "बसायचं. फक्त बसायचं."

मला पालथा क्रेट दिला. मी तो ओळीच्या शेवटी, खांबाजवळ ठेवला. तिथून सगळं दिसतं. ऊन कोवळं होतं, धूळ उडत होती, पोरी ओरडत होत्या. कितीतरी दिवसांत पहिल्यांदा मला पायाची आठवण नव्हती. आणि माझ्या पाठीमागे, अगदी पाठीला लागून, सानिकाने खणखणीत आवाज टाकला : "खो!"

तो माझ्या शेजारी बसलेल्या मुलीला होता. ती उठली. मीही उठले.

मी उठल्याचं मला आठवत नाही. उभी असल्याचं आठवतं. शाळकरी वयापासून ज्या हाकेला उसळायची सवय अंगाला लावली, त्या हाकेला अंगाने माझी परवानगी मागितली नाही. सगळा भार उजव्या चवड्यावर होता. टाचेत काहीतरी चटकन ओढलं गेलं आणि पोटरीपर्यंत गरम गरम पसरलं. पोरी आधी हसल्या, मॅडम चेष्टा करतायत असं वाटून. मग माझं तोंड बघून गप्प झाल्या. मी होते तिथे मातीत बसले. सानिका रडायला लागली. मी तिला म्हटलं, "तुझं काही चुकलं नाही, खो चांगला दिलास." 

सुरेश आला. त्याने मला घरी आणलं. दारात विचारलं, "काय सांगितलंतं मी?"

"बसायला."

"मग?"

"खो दिला."

"तुला दिलता?"

दुसऱ्या कुठल्याही दिवशी आम्ही दोघंही यावर हसलो असतो.

डॉक्टर परगावी गेले होते, सोमवारी या म्हणाले. ते दोन दिवस मी अंगठा टाचेवर ठेवून काढले. शीर तुटली तर तिथे खड्डा लागतो हे मला माहीत होतं. चाचपलं की खड्डा लागायचा. पुन्हा चाचपलं की नाही लागायचा. डाव्या टाचेवर चाचपलं तर तिथेही लागायचा. ओवी म्हणाली, "आई, सारखं हात लावू नको, पिकंल." तोंडावरच्या मुरमांबद्दल मी तिला जे सांगते तेच ती मला ऐकवत होती.

सोमवारी सोनोग्राफी झाली. जोड शाबूत होता. मी सुटकेचा निःश्वास टाकला तोवर डॉक्टर म्हणाले, "तुटलेली नाही. थोडी लांबलीय का, ते यात नक्की सांगता येत नाही."

"मग कशात सांगता येतं?"

"तुमच्याच पायात. एका पायावर उभं राहून टाच उचलता आली तर काळजी मिटली. नाही आली, तर पळण्याचा नाद सोडायचा. आत्ता लगेच बघू नका. चार-पाच महिने व्यायाम करा, मग बघू."

फसवाफसवी

यानंतरचं लिहायला मला अवघड जातंय. मी व्यायाम सोडला. उघड नाही. तबस्सुमकडे जायची, दोन्ही पायांनी टाचा उचलायची, पण सगळा भार डाव्यावर टाकून. शाळा चुकवणारी पोरं मी लांबून ओळखते. तिनेही ओळखलं.

"डाव्या पायानं ढकलताय."

"तुटली तर?"

"आणि ताण न्हाई दिला तर?" ती म्हणाली. "ताणाबिगर ती शीर होतच न्हाई मॅडम, नुसता मांसाचा गोळा राहतो. आमच्या मागावर सूत ढिलं सोडलं तर तुटत न्हाई, खरं हाय. पण कापड होत न्हाई."

पटत होतं आणि जमत नव्हतं. भिंतीला धरून चालायची सवय लागली. ओली फरशी, कुत्रं, अंगावर येणारी उसाची ट्रॉली, वर्गातून बाहेर सुटलेली पोरं, सगळ्याला भ्यायची. ओवीचा चेंडू एकदा पायाला लागला. मी तिच्यावर इतकी ओरडले की ती जेवायला आली नाही. ज्यांच्या पायाला असं झालंय त्यांना एवढंच सांगते की हे होतं. जखम भरते तशी भीती आपोआप भरत नाही. तिलाही व्यायाम लागतो, आणि तो करताना ती जास्त दुखते.

एकदा सुरेशशी ग्रंथालयावरून पुन्हा वाजलं. मी म्हटलं, "तुम्हाला मी घरात बसायला हवीय." तो म्हणाला, "तू पालथी पडलीवतीस. तुला दिसलं न्हाय. मी बगितलंय. डॉक्टर दाबायलाय आणि पाय मेल्यागत. मला पुन्ना ते बगायचं न्हाय."

हे त्याने तोवर कधी सांगितलं नव्हतं. भीती फक्त माझ्या पायात आहे असं मी समजत होते. मी त्याच्याशेजारी जाऊन बसले. ग्रंथालयाचं त्या दिवशी राहिलंच.

दुसऱ्या दिवशी तबस्सुमकडे उजव्यावर निम्मा भार टाकला. घाम फुटला, श्रमाने कमी आणि धाकाने जास्त. तुटली नाही.

आत्तींचं 'न्हाय'

मे महिन्यापर्यंत दोन्ही टाचा एकत्र छान उचलत होत्या. एकटी उजवी काही उचलेना. दाराच्या चौकटीला धरून उभी राहायची, डावा पाय वर घ्यायची, जोर लावायची. पोटरी थरथरायची. टाच उठली असं वाटायचं. पण स्वतःची टाच स्वतःला दिसत नाही. तबस्सुम म्हणाली, "मागनं कुणालातरी बघायला लावा. माणूस गुडघा वाकवतो, पुढं झुकतो आणि उचलली म्हणतो."

सुरेशला सांगणं शक्य नव्हतं. ओवीला सांगितलं तर ती रोज "उचलली! केवढी उचलली!" म्हणायची. गुणी पोर. राहिल्या आत्ती. त्या पुढच्या सोप्यात सूप घेऊन गहू पाखडत बसायच्या.

"मी बगतो," त्या म्हणाल्या. "पर खोटं बोलणार न्हाय."

नाही बोलल्या. रोज दुपारी मी चौकटीला धरून उभी राहायची आणि मागून सुपाच्या आवाजातून यायचं, "न्हाय." दुसऱ्या दिवशी, "न्हाय." एकदा, "गुडगा वाकीवलास. लबाड." मी चिडून आत निघून जायची आणि दुसऱ्या दिवशी परत यायची. आल्यागेल्या प्रत्येकाने मला धीर दिला होता, होईल गं, बरं होईल. त्या धीराने मला जास्तच भ्यायला व्हायचं. आत्तींच्या 'न्हाय'चं तसं नव्हतं. ही बाई ज्या दिवशी 'व्हय' म्हणेल त्या दिवशी ते खरं असणार होतं.

शाळा उघडायला थोडेच दिवस राहिले. हेडमास्तरांचा फोन आला. मी म्हटलं, सोमवारी सांगते. खरं म्हणजे मनात मी ग्रंथालयात जाऊन बसलेही होते. कुठल्या खिडकीशी बसायचं, म्हणजे मैदान दिसणार नाही, इथपर्यंत विचार झाला होता.

त्या शनिवारी दुपारी मी उभी राहिले. टाच उचलली, म्हणजे उचलायला गेले. मागून काहीच आवाज नाही.

"काय झालं?" मी विचारलं.

"डोळ्यास्नी नीट दिसंना," आत्ती म्हणाल्या. "थांब जरा."

त्या गुडघे धरत उठल्या. लगीनसराईचे दिवस, टीव्हीवर पत्रिकांची चळत पडलेली. वरची पत्रिका घेऊन त्या माझ्यामागे फरशीवर बसल्या. जाड, चकचकीत, गणपतीची पत्रिका. तिची कड त्यांनी माझ्या टाचेला आणून टेकवली. त्या माझ्या पायाशी अशा बसल्या, मला कसंतरीच झालं. "आत्ती, उठा हो," मी म्हटलं.

"तू उठ आदी," त्या म्हणाल्या. "टाच उटली तर पत्रिका आत जाईल. न्हाय उटली तर न्हाय जायाची. मला बी फसवायचं न्हाय आणि तुला बी."

डावा पाय वर घेतला. चौकटीला दोन बोटं लावली.  तुटेल, असं वाटलं. त्याहून वाईट, तुटणार नाही आणि उठणारही नाही, असं वाटलं. गुडघा ताठ ठेवला आणि जोर लावला. पोटरी थरथरली. आणि मला आवाज आला. फरशीवर कागद घासल्याचा, लहानसा.

"गेली," आत्ती म्हणाल्या. मग ओरडल्याच, "गेली की गं! बोटभर आत गेली!"

माझी टाच खाली आली. आत्तींनी माझ्या पोटरीवर एक चापट मारली, मी किंचाळले, त्या हसायला लागल्या आणि हसता हसता पदर डोळ्यांना लावला. त्यांना रडताना मी त्याआधी पाहिलं नव्हतं. 

"बास आत्ती," मी कसंबसं म्हटलं. "आज एवढंच. जास्त नको. उगीच तुटायची."

 खालून त्यांची पत्रिकेशी ओढाओढ चालली होती. माझा सगळा भार उजव्या टाचेवर होता आणि टाचेखाली पत्रिका घट्ट अडकली होती. मी डावा पाय टेकवायला गेले.

"त्यो टेकवू नगोस!" आत्तींनी डावा घोटा धरला. "उचल ह्योच. उद्याचं लगीन हाय, हॉलचा पत्ता ह्या पत्रिकेवरच हाय."

मी चौकट सोडली आणि उजवी टाच पुन्हा उचलली.